उरलेल्या अठरा

अर्थशास्त्रात एम.ए. करून दोन वर्षं घरी बसल्यावर मला पहिली नोकरी लागली ती बेकार माणसांना प्रश्न विचारायची. घरात सगळ्यांना याचं फार हसू आलं. वडील म्हणाले, "चला, अनुभवाचं चीज झालं." नोकरी अकरा महिन्यांची, कंत्राटी. पुण्यातल्या एका संस्थेचं संशोधन होतं, माणसांना काम का मिळत नाही आणि मिळालं तरी तिथवर पोचता का येत नाही याचं. मी त्यांची आमच्या जिल्ह्यातली 'क्षेत्र अन्वेषक'. जिल्ह्याचं नाव आता अहिल्यानगर झालंय, माझ्या टॅबवरही तेच होतं, पण बोलताना आमच्या तोंडी अजून नगरच येतं.

पद भारदस्त आणि काम उन्हातान्हाचं. दारोदार जायचं, ओट्यावर टेकायचं, टॅब उघडायचा आणि पुण्याच्या सरांनी लिहून दिलेले प्रश्न एक अक्षर न बदलता विचारायचे. माझा स्वभाव मुळात तिखट. पहिल्या महिन्यात मी लोकांशी भांडायचे, कारण त्यांची उत्तरं माझ्या पर्यायांत बसत नसत. श्रीगोंद्याकडच्या एका गावात एक आजोबा मला म्हणाले, "बाई, आमी कशाला काम शोधायचं? सकाळी उठलं की कामच आमाला शोधत येतं. पगार तेवढा वाट चुकतो." मी त्यांच्यापुढे 'इतर' हा पर्याय निवडला आणि रस्त्यात कितीतरी वेळ एकटीच हसत होते.

पण मला सांगायचं आहे ते सुप्याच्या बाजूच्या गावाचं. सुप्याच्या एमआयडीसीपासून बारा किलोमीटर आत ते गाव आहे. कंपन्यांचे दिवे रात्री गच्चीवरून दिसतात, पण सकाळी सातच्या शिफ्टला पोचेल अशी एकही गाडी गावातून निघत नाही. पुरुष मोटरसायकलवर जातात. बायका घरी राहतात. सरांचं म्हणणं असं की बायकांच्या नोकरीआड नेमकं काय येतं ते कुणी नीट तपासलेलंच नाही. घरच्यांचा नकार, की शिक्षण, की फक्त हे बारा किलोमीटर? ते तपासायला त्यांनी हे गाव निवडलं आणि मी तिथे मुक्कामाला गेले.

राहायची सोय एका मावशींकडे झाली. मावशी साठीच्या, अंगणवाडीतून मदतनीस म्हणून निवृत्त झालेल्या, एकट्या. दोन खोल्या, पुढे अंगण, अंगणात शेवग्याचं झाड. पहिल्या दिवशी त्यांनी मला विचारलं, "पगार किती, लगीन झालं का, आन् सकाळी उठायला उशीर करती का?" तिन्हींची उत्तरं ऐकून त्यांचं माझ्याविषयी फारसं चांगलं मत झालं नाही, पण भाकरी मात्र रोज ताटात गरम पडायची. गावात मावशींचा शब्द चालायचा. त्याचं एक कारण म्हणजे त्या वीस वर्षं बायकांची भांड्यांची भिशी चालवत होत्या. दर महिन्याला त्यांच्या अंगणात बायका जमत, स्टीलच्या एका गोल डब्यात चिठ्ठ्या टाकत, मावशी डोळे मिटून एक चिठ्ठी काढत, आणि ज्या बाईचं नाव निघे ती कुकर नाहीतर पिंप घेऊन घरी जाई. वीस वर्षांत त्या डब्यावर कुणी संशय घेतला नव्हता.

समोरच्या घरात एक सून होती. मी तिला वहिनी म्हणायचे. लग्नाआधी तिने आयटीआयमधून इलेक्ट्रॉनिक्सचा कोर्स केला होता. नवरा कांद्याच्या टेम्पोवर, आठवड्यातले चार दिवस बाहेर, मुलगी पहिलीत. माझा टॅब दुसऱ्याच दिवशी चार्ज होईना, तेव्हा तिने केसातली पिन काढली, चार्जिंगच्या भोकातला धुळीचा गोळा उकरला आणि टॅब परत दिला. "मॅडम, मशीन बरं हाय. तुमी पदराने पुसत जा जरा." मी ड्रेस घातला होता. पदर कुठून आणायचा, असं मी विचारलं, तर ती इतकी हसली की तिच्या सासूबाई दारात येऊन बघून गेल्या. त्या दिवसापासून मला ती फार आवडायला लागली. हे मी माझ्या कुठल्याच फॉर्ममध्ये लिहिलं नाही, कारण अन्वेषकाने तटस्थ राहायचं असतं.

वहिनीला नोकरी हवी होती. हवी म्हणजे किती, ते तिच्या सर्टिफिकेटवरून कळायचं. पत्र्याच्या पेटीत, प्लॅस्टिकच्या दोन पिशव्यांत घालून ठेवलेलं ते तिने मला तीन वेळा दाखवलं. अडचण होती सासऱ्यांची. त्यांना सगळे आबा म्हणत. एसटीत कंडक्टर म्हणून सगळी हयात गेलेली. माणूस वाईट मुळीच नव्हता, पण मोजमाप पक्कं. आमच्या सरांनी गावात गाडी सुरू करायची ठरवली, बारा जणींची क्रूझर, तीन महिने रोज सुप्याला जा-ये, तेव्हा आबांनी ओट्यावरूनच निकाल दिला. "गावातल्या अकरा बाया गाडीत बसलेल्या असतील, तर आमची सून बारावी म्हनून जाईल. एकटी-दुकटी जायची न्हाई. गाडी भरली पाह्यजे." त्या घराच्या मानाने ही मोठीच परवानगी होती.

गाडीत जागा बारा आणि नोकरीला जायला तयार असलेल्या बायका निघाल्या तीस. सरांना हे हवंच होतं. बारा जणींना गाडी द्यायची, अठरा जणींना नाही, आणि तीन महिन्यांनी दोन्ही गटांमधला फरक मोजायचा. कुणाला द्यायची ते चिठ्ठ्या टाकून, म्हणजे त्यात आपली-परकी राहत नाही. याला आमच्या भाषेत यादृच्छिक निवड म्हणतात. उरलेल्या अठरा म्हणजे 'तुलनेचा गट'.

मारुतीच्या देवळाच्या सभामंडपात चिठ्ठ्या काढायचं ठरलं. मी आदल्या रात्री आरशासमोर उभं राहून भाषणाची तयारी केली होती. जिची चिठ्ठी निघेल तिला जागा, जिची निघणार नाही तिला नाही, यात कुणाचा दोष नाही, वगैरे. सगळं बोलले. आणि मग ज्या गोष्टीचा मला पुढे आयुष्यभर पश्चात्ताप होईल ती केली. चिठ्ठ्या टाकायला काहीतरी हवं होतं, तर मी मावशींना म्हटलं, "मावशी, तुमचा डबा द्या ना. आणि तुम्हीच काढा, म्हणजे कुणाला शंका नको." मला त्या क्षणी स्वतःच्या हुशारीचं फार कौतुक वाटलं.

मावशींनी बारा चिठ्ठ्या काढल्या. वहिनीचं नाव निघालं नाही. माझाच चेहरा पडला. ती मात्र पदर सावरत उठली आणि म्हणाली, "निघंल की, मॅडम. घाई काय हाय." कुणी रडलं नाही, कुणी भांडलं नाही, उरलेल्या अठरा जणींनी बारा जणींना हळदीकुंकूसुद्धा लावलं. मी रात्री सरांना फोन करून सांगितलं की गावाने फार समजूतदारपणे घेतलं. सर म्हणाले, "उत्तम. इतर ठिकाणी दगड पडलेत." मी मुक्काम हलवला आणि दुसऱ्या तालुक्यांतली गावं करायला निघून गेले.

अडीच महिन्यांनी मधल्या पाहणीसाठी परत आले. बारापैकी दहा जणी कामाला लागल्या होत्या. त्यांच्या चालण्यातच फरक पडला होता. संध्याकाळी गाडीतून उतरल्या की घरी जायच्या आधी पारावर पाच मिनिटं उभ्या राहून मोठमोठ्याने बोलायच्या. गाडीवाले चाचा तिथेच जवळ उभे असायचे, ते म्हणाले, "मॅडम, पूर्वी मी गाणी लावायचो. आता गरजच पडत न्हाई." मी खुशीत होते. मग अठरा जणींचे फॉर्म भरायला लागले.

पहिलीने काम शोधलं नव्हतं. दुसरीनेही नाही. तिसरी, चौथी, पाचवी, सगळ्यांचं तेच. तीन महिन्यांपूर्वी याच बायका 'मिळेल ते काम करू' म्हणत होत्या. मी कारण विचारलं की त्या माझ्याकडे अशा बघायच्या, जणू मलाच ते माहीत असायला हवं. अखेर वहिनीच्या ओट्यावर येऊन बसले आणि टॅब बाजूला ठेवून विचारलं, काय चाललंय काय तुमचं?

"म्हंजी?" ती म्हणाली. "माझा तेरावा नंबर हाय न्हवं. आता पंधरा दिसांनी लागंलच."

"कसला तेरावा नंबर?"

"चिठ्ठीचा. तुमी गाव सोडलं त्याच संध्याकाळी मावशींनी उरलेल्या काढल्या. माझी सगळ्यात आधी निघाली. तेरा ते चोवीस पुढच्या तीन महिन्यांत, मंग राहिलेल्या."

ती आपल्या नादात सांगत होती. दीर सुप्याला कामाला होता, तो पहिल्याच महिन्यात म्हणाला होता, वहिनी, माझ्या कंपनीत माणसं घेतायत, माझ्या गाडीवर मागे चला. घरचाच दीर म्हणून आबाही तयार झाले होते. "मीच न्हाई म्हनले. म्हनलं, आपला नंबर येतोयच, कशाला भावजींना रोज थांबवायचं? आता त्यांचं काम रांजणगावला गेलं, तिकडंच खोली केली त्यांनी." मग ती जरा थांबली. "पन ह्या पंधरा दिसांत नंबर लागलाच पाह्यजे बरं का, मॅडम. आबा दिवाळीच्या आत घोडेगावच्या बाजारातून दोन म्हशी आणायच्या म्हनत्यात. सून घरीच हाय तर दूध तरी घालू डेअरीला, असं. एकदा म्हशी दारात आल्या की सकाळ-संध्याकाळच्या धारा माझ्याच. मंग कोन सोडतंय?"

मी तडक मावशींकडे गेले आणि त्यांच्यावर ओरडले. आजही आठवलं की लाज वाटते. त्यांच्या घरात, त्यांची भाकरी खाऊन मी त्यांच्यावर ओरडले. कुणी सांगितलं तुम्हाला पुढच्या चिठ्ठ्या काढायला? दुसरी खेप नाहीच आहे! मी देवळात सांगितलं होतं ना, निघणार नाही तिला नाही म्हणून?

मावशी तांदूळ निवडत होत्या. त्यांनी सूप खाली ठेवलं. "आत्ता न्हाई, असं ऐकलं आमी. भिशीत काय असतं? आधी कोन आन् मागनं कोन, एवढंच चिठ्ठी ठरवती. मिळायचं समद्यांनाच. एकीला देऊन दुसरीला कायमचं न्हाई म्हननारी चिठ्ठी आमी कदी बघितली न्हाई, बाई."

"मावशी, ही भिशी नव्हती. हे संशोधन आहे. त्या अठरा जणी तुलनेसाठी आहेत."

"म्हंजी काय?"

"म्हणजे... गाडी नसली तर किती जणींना काम लागतं, ते बघायला."

मावशींनी हातातला खडा बाजूला टाकला. "म्हंजी त्यांना काम लागत न्हाई, हे बघायला त्यांना ठेवलंय?"

एम.ए.ला मला या विषयात चांगले मार्क होते. नमुना निवड, तुलनेचा गट, पूर्वग्रह, सगळं पाठ होतं. त्यातलं काही त्या अंगणात उपयोगाचं नव्हतं. शिवाय सगळ्यात वाईट भाग मलाच कळत होता. आम्ही त्या अठरा जणींना नुसती गाडी नाकारली नव्हती. त्या आपापल्या परीने शोधत होत्या, ते शोधणंही आमच्या डब्याने थांबवलं होतं. आम्ही आलोच नसतो तर वहिनी दिराच्या मागे बसून केव्हाच कामाला लागली असती.

सरांना फोन लावला. सर सज्जन माणूस, कधी आवाज चढवत नाहीत. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "वाईट झालं. पण आता शेवटची पाहणी होईपर्यंत त्यांना काही सांगू नका. सांगितलंत की त्या वेगळं वागायला लागतील, मग मोजायचं काय?" मी म्हटलं, सर, शेवटची पाहणी दिवाळीनंतर आहे. तोवर म्हशी येतील. "कुणाच्या म्हशी?" सरांनी विचारलं. मी फोन ठेवला. त्यांचं चुकलं असं मी म्हणत नाही. त्यांना सगळ्या जिल्ह्याचं दिसत होतं, मला समोरचं घर दिसत होतं.

रात्रभर रागावून जागी होते. निम्मा राग सरांवर, निम्मा मावशींवर, आणि पहाटेपर्यंत कळलं की सगळाच्या सगळा स्वतःवर आहे. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी गाडी परत आल्यावर मी तीसही जणींना मावशींच्या अंगणात बोलावलं आणि सांगून टाकलं. पुढची चिठ्ठी नाही. कधीच नव्हती. पंधरा दिवसांनी गाडी बंद होणार.

मग वहिनीच बोलली, आणि तिचा आवाज मी असा कधी ऐकला नव्हता. "मंग अडीच महिने आमी कशाची वाट बघत हुतो?"

"वहिनी, मी त्या दिवशी सांगितलं होतं."

"तुमी सांगितलं आसंल. पन डबा मावशींचा हुता ना."

मी रडले. अन्वेषकाने रडू नये असं कुठे लिहिलेलं नाही, पण अभिप्रेत असावं. बायकांना माझं रडणं बघून अवघडल्यासारखं झालं. एकीने चहा टाकला. आणि चहा होईपर्यंत मावशी, ज्यांच्यावर मी आदल्या दिवशी ओरडले होते, त्या बारा जणींकडे वळल्या. "तुमी घेतलं न्हवं आधी? मंग आता शेवटचीचं होईस्तोवर मधनं सुटता येत न्हाई. भिशीचा नियम हाय." बारा जणींत एक-दोघी कुरकुरल्या. एक म्हणाली, आमी काय करनार, जागा थोड्याच वाढत्यात? तेव्हा दारात उभे असलेले चाचा घसा खाकरून म्हणाले, "मी सातला ह्यांना सोडतो आन् साडेतीनपातुर सुप्याला गाडीत झोपतो. मागं येऊन नऊच्या जनरल शिफ्टला दुसऱ्या बारा नेता येतील की. यांना आणलं की साडेपाचला त्यांना आणायचं. डिझेल लागंल, आन् मॅडमची सही."

डिझेलचा खर्च बारा जणींनी आपसांत वाटून घेतला, शेवटचीचं काम होईपर्यंत. गाडी बंद झाल्यावरही त्याच तिला भाड्याने ठेवणार होत्या. चाचांच्या वहीत रोज एकच जा-ये मंजूर होती आणि जास्तीच्या खेपेवर सही करायचा अधिकार मला नव्हता. मी केली. सरांना त्याच रात्री लिहून कळवलं, चोरून काही केलं नाही. त्यांचं उत्तर दुसऱ्या दिवशी आलं. हे गाव संशोधनातून वगळलंय, गाडी ठरलेल्या तारखेपर्यंत चालेल, आणि माझं कंत्राट पुढे वाढवता येणार नाही. खाली त्यांनी लिहिलं होतं, 'आपल्या निर्णयाचा आदर आहे.' ते खरं होतं असं मला वाटतं.

सोमवारी पहिली खेप. कंपनीला माणसं पुरवणाऱ्या ठेकेदाराच्या माणसाने बारा जणींकडे निरोप दिला होता की जनरल शिफ्टला माणसं हवीत, आधार कार्ड आणि दोन फोटो घेऊन गेटवर या; आयटीआय झालेल्याला मशीनवर घेऊ. वहिनी साडेसातपासून तयार होती. सर्टिफिकेट दोन पिशव्यांसकट छातीशी. चाचांनी गाडी आबांच्या ओट्यासमोर उभी केली. आबा खाली आले, चष्मा लावला आणि खिडकीतून बोट फिरवत मोजायला लागले. सवयच ती.

"आठ. आमची धरून नऊ."

अठरापैकी नऊच आल्या होत्या. कुणी माहेरी गेलेली, कुणाचे फोटो काढायचे राहिलेले, कुणी कांदा लावायला गुंतलेल्या. आबा म्हणाले, "बारा म्हनलं हुतं मी. गाडी भरल्याबिगर न्हाई. उद्या भरली तर उद्या बघू." उद्या ठेकेदार थांबेल का, हे त्यांना कोण सांगणार? वहिनी पायरीवर एक पाय ठेवून तशीच उभी. मला वाटलं, आता ही पाय खाली घेणार आणि परत कधी म्हणून वर ठेवणार नाही.

मावशी पुढे झाल्या आणि गाडीत जाऊन बसल्या. "तुमी कुठं?" आबांनी विचारलं. "डोळं दाखवायचंत सुप्याला. बाईमाणूसच हाय ना मी? मोजा." मग मी चढले. नोकरी तशीही गेली होती, सोमवारी सकाळी मला दुसरं काय काम होतं? आबांनी मला मोजावं की नाही याचा थोडा विचार केला, पण मोजलं. "अकरा," ते म्हणाले. "एक कमी."

चाचांनी इंजिन बंद केलं. तेव्हा घरातून वहिनीच्या सासूबाई बाहेर आल्या. या बाईंचा मी फॉर्म भरलेला नव्हता, कारण त्यांचं वय आमच्या मर्यादेबाहेर होतं. तीन महिन्यांत त्यांच्या तोंडून मी दहा वाक्यं ऐकली नसतील. त्यांनी हात पदराला पुसले, चप्पल घातली, सुनेला हाताने हलकेच आत सारलं आणि तिच्या शेजारी जाऊन बसल्या.

"आता तू कुठं चालली?" आबा म्हणाले.

"बघून येते कंपनी कशी असती," त्या म्हणाल्या. "मोजा."

आबांचं बोट परत एकदा फिरलं. मग त्यांनी दार लावलं आणि गाडीच्या पत्र्यावर दोनदा थाप मारली. चाचांनी गाडी सोडली.

गेटवर बायका रांगेत आत गेल्या. वहिनी पाचवी होती. रखवालदाराने तिचं सर्टिफिकेट उलटसुलट बघितलं आणि तिला बाजूच्या दाराने वेगळं आत पाठवलं, मशीनवाल्यांकडे. ती वळून बघेल असं मला वाटलं होतं. ती वळली नाही, भराभर चालत गेली. मावशी म्हणाल्या, चला, डोळ्याचं काही न्हाई, घरी जाऊ, पोरीची शाळा सुटायच्या आत पोचलं पाह्यजे. पण सासूबाई गेटच्या गजांना धरून उभ्या होत्या.

"मला बी आलं हुतं बोलावनं," त्या म्हणाल्या. कुणाला उद्देशून ते कळलं नाही. "पारनेरच्या बालवाडीवर. सातवी पास हुते मी. दोन डाव मानूस आला हुता बोलवायला."

"मग?" मी विचारलं.

"नेऊन सोडनारं कोन न्हवतं."

मी नकळत म्हणून गेले, "पण आबा तर एसटीत होते."

"व्हय. नगर-पुणं." त्या म्हणाल्या. "आमच्या गावाला यष्टीच न्हवती."

चाचांनी हॉर्न दिला. मावशी गाडीत बसल्या, मी सासूबाईंच्या दंडाला हात लावला, म्हटलं, काकू, चला, साडेपाचपर्यंत ती काही बाहेर येणार नाही. त्यांनी मान हलवली, पण गज सोडले नाहीत. मग आजूबाजूला बघून गेटसमोरच्या कडुलिंबाखाली गेल्या, पदराने दगड झटकला आणि बसल्या.

"तुमी जा," त्या म्हणाल्या. "मी थांबते. पयला दिवस हाय तिचा."